१९४० साली बेव्हिन बिनविरोध खासदार झाले. मतदान झालंच नाही का?

अनघा_सांगली

नमस्कार मंडळी,

मी स्पर्धा परीक्षेच्या मुलांना राज्यशास्त्र शिकवते. ब्रिटनचं मंत्रिमंडळ शिकवताना अर्नेस्ट बेव्हिन यांचं उदाहरण हमखास येतं. मे १९४० मध्ये चर्चिल यांनी त्यांना कामगारमंत्री केलं तेव्हा ते दोन्हींपैकी कुठल्याच सभागृहात नव्हते. २२ जून १९४० ला लंडनमधल्या वॉन्ड्सवर्थ सेंट्रल मतदारसंघाच्या पोटनिवडणुकीत ते बिनविरोध निवडून आले. पाठ्यपुस्तकात यापुढे काही नाही.

परवा मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारलं, "मॅडम, हिटलरविरुद्ध लोकशाहीसाठी लढत होते ना? मग लोकांना मत का देऊ दिलं नाही? दुसऱ्या पक्षाने उमेदवार का दिला नाही?" वर्ग शांत झाला. मला तिला दोन ओळींचं उत्तर देऊन वाटेला लावायचं नाही. कुणी या विषयात खोलवर वाचलं असेल तर सविस्तर लिहाल का? फक्त बेव्हिन यांचंच असं झालं, की अशा आणखी निवडणुका झाल्या?


खारदांडा

बऱ्याच झाल्या. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध सुरू होताच काँझर्व्हेटिव्ह, लेबर आणि लिबरल या तिन्ही पक्षांनी करार केला की जागा ज्या पक्षाची रिकामी होईल, त्याच पक्षाने उमेदवार द्यायचा आणि बाकीच्या दोघांनी उभं राहायचं नाही. पहिल्या महायुद्धातही ऑगस्ट १९१४ पासून असंच ठरलं होतं. वॉन्ड्सवर्थ सेंट्रल लेबरची जागा होती, बेव्हिन लेबरचे. विषय संपला.


निवृत्त_नायब

खारदांडा यांनी लिहिलं ते बरोबर आहे, पण विषय तिथे संपत नाही, सुरू होतो.

अनघाताई, प्रश्न माझ्या जिव्हाळ्याचा आहे. माझी नोकरी तहसील कचेरीच्या निवडणूक शाखेत गेली. अर्ज घेणं, छाननी, माघार, चिन्हवाटप, मतपेट्या, यातच केस पांढरे झाले. आता मुलीकडे लंडनला जाणं होतं, तेव्हा तिथल्या ग्रंथालयात बसून त्यांच्या निवडणुकांचं वाचतो.

आधी मतदानाचं सांगतो. जागा एक आणि अर्जांची मुदत संपताना वैध उमेदवारही एकच, तर मतदानाची पायरी येतच नाही. निवडणूक अधिकारी तिथल्या तिथे तो निवडून आल्याचं जाहीर करतो. ब्रिटनमध्ये तेव्हाही हाच नियम होता, आपल्या १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यातही हाच आहे. आपल्याकडे दुपारी तीन वाजता दार लावून घेतात, आत आलेल्यांना नंबर देतात, बाहेरच्याला घड्याळ दाखवतात. ते दार मी लावलेलं आहे. एकच अर्ज आलेला असला की शेवटच्या दहा मिनिटांत जिन्यावर पावलं वाजली तरी कचेरीतल्या सगळ्या माना वळतात. त्या दहा मिनिटांत कोण येऊ शकतं आणि त्याला येताना कुणी अडवतं का, यावरून मी बिनविरोध निवडणुकीची किंमत करतो.

वॉन्ड्सवर्थमध्ये कोण येऊ शकत होतं? करार होता तो तीन पक्षांचा आपसातला, कायदा नव्हे. चौथ्या माणसाला त्याने बांधलेलं नव्हतं. एक सूचक, एक अनुमोदक, आणखी आठ मतदारांच्या सह्या आणि १५० पौंड अनामत. एकूण मतांच्या आठव्या हिश्शाहून कमी मतं पडली तर अनामत जप्त. १५० पौंड म्हणजे त्या वेळच्या कामगाराची निदान अर्ध्या वर्षाची कमाई, तेव्हा वाट सोपी होती असं मी म्हणणार नाही. पण लोक येत होते. फेब्रुवारी १९४० मध्ये लंडनच्या गोदी भागातल्या सिल्व्हरटाउनला लेबरची जागा रिकामी झाली. काँझर्व्हेटिव्ह आणि लिबरल बाजूला राहिले, तरी कम्युनिस्ट पक्षाचे सरचिटणीस हॅरी पॉलिट उभे राहिले आणि मोस्ली यांच्या फॅसिस्ट पक्षानेही उमेदवार दिला. पॉलिट यांना हजाराच्या आतच मतं पडली, फॅसिस्टाला दीडशेच्या आसपास. लेबरचा माणूस प्रचंड मतांनी आला. म्हणजे मतदान झालं, कारण कुणीतरी अर्ज भरला.

आता बेव्हिन यांची गोष्ट, कारण त्या मुलीला हीच सांगायला हवी. सॉमरसेटमधल्या विन्सफर्ड गावचा हा मुलगा, आठव्या वर्षी आई गेली, अकराव्या वर्षाच्या सुमाराला शाळा सुटली. शेतावर राबला, ब्रिस्टलमध्ये घोडागाडीवर माल पोचवला, मग गोदी कामगारांच्या संघटनेत आला. १९२० साली गोदी कामगारांच्या मजुरीची सरकारी चौकशी लागली. मालकांच्या बाजूने प्राध्यापक आर्थर बाऊली यांनी कामगाराच्या कुटुंबाला आठवड्याला किती पैसे पुरतात याचा हिशेब मांडला. बेव्हिन यांनी काय करावं? ते बाजारात गेले, त्या हिशेबात बसेल तेवढंच खाणं विकत घेतलं, शिजवलं आणि बश्यांत वाढून चौकशीच्या दालनात मांडलं. एकेका बशीत मांसाचा इवलासा तुकडा, माशाचा तुकडा, थोडा पाव. दिवसभर पाठीवर पोती वाहणाऱ्याला एवढं पुरेल का, असं त्यांनी त्या प्राध्यापकांनाच विचारलं. गोदी कामगारांना मागितले तेवढे, दिवसाला १६ शिलिंग मंजूर झाले. पुढे १९२२ पासून ते वाहतूक आणि सर्वसाधारण कामगारांच्या प्रचंड संघटनेचे सरचिटणीस होते.

असा माणूस संसदेत मात्र पोचला नव्हता. १९१८ ला ब्रिस्टल सेंट्रलमधून पडले, १९३१ ला गेट्सहेडमधून पडले. १९४० मध्ये चर्चिल यांना कारखाने रात्रंदिवस चालवायचे होते आणि कामगार ज्याचं ऐकतील असा माणूस हवा होता. बेव्हिन मंत्री झाले. २२ मे रोजी संसदेने एका दिवसात आणीबाणीचा कायदा मंजूर केला. त्याखालच्या नियमाने कामगारमंत्र्याला देशातल्या कुठल्याही माणसाला कुठल्याही कामावर पाठवायचा अधिकार मिळाला. विचार करा, एवढा अधिकार ज्याच्या हातात, त्याला सभागृहात उभं करून जाब विचारायची सोयच नव्हती, कारण तो सभागृहात नव्हता! म्हणून मला ती पोटनिवडणूक महत्त्वाची वाटते. आता त्यांना खासदारांपुढे उभं राहून उत्तर द्यावं लागणार होतं.

जागा कशी रिकामी झाली तेही बघण्यासारखं आहे. ब्रिटनमध्ये खासदाराला सरळ राजीनामा देता येत नाही. वॉन्ड्सवर्थ सेंट्रलचे लेबर खासदार हॅरी नेथन यांना लॉर्ड करून वरच्या सभागृहात पाठवलं, की खालची जागा आपोआप मोकळी. हे नेथन आधी लिबरल होते आणि बेथनल ग्रीन ईशान्यचे खासदार होते. त्याच जागेवरून मुंबईचे मंचरजी भावनगरी १८९५ ते १९०६ पर्यंत काँझर्व्हेटिव्ह खासदार होते, हे आपल्या लोकांना सांगायला हवं.

आणि तारीख. २२ जून १९४० लाच फ्रान्सने काँपियेन्यच्या जंगलात, रेल्वेच्या डब्यात बसून जर्मनीशी शस्त्रसंधीवर सही केली. लंडनमध्ये त्या दिवशी कुणाच्या मनात मतदान असेल? तरीही निवडणुकीचा आदेश निघाला, अर्ज मागवले, मुदत पाळली, निकाल जाहीर केला. नियमाप्रमाणे. कागदपत्रांत आयुष्य गेलेल्या माणसाला याचं मोल फार वाटतं.


कोतवाल

काका, लेख आवडला, पण मला तुमचा हा दाराचा निकष पुरेसा वाटत नाही. तीन दिग्गज पक्ष एक झाले तर उरलेल्याला दार उघडं असून उपयोग काय? यादी बघा. फेब्रुवारी १९४० मध्ये व्यापारमंत्री अँड्र्यू डंकन 'सिटी ऑफ लंडन' मतदारसंघातून बिनविरोध. त्याच महिन्यात माहितीमंत्री जॉन रीथ साउदॅम्प्टनमधून बिनविरोध. नोव्हेंबरमध्ये ऑलिव्हर लिटलटन ऑल्डरशॉटमधून बिनविरोध. आधी मंत्री करायचं आणि मग एक सोयीची जागा मोकळी करून द्यायची. आणि सप्टेंबर १९४० मध्ये प्रेस्टनमधून कोण बिनविरोध आलं? पंतप्रधानांचे चिरंजीव रँडॉल्फ चर्चिल. त्याआधी ते तीन वेळा पडले होते, १९४५ ला मतदान झालं तेव्हा पुन्हा पडले, नंतर दोनदा डेव्हनपोर्टलाही पडले. मतपेटीतून ते एकदाही आले नाहीत.

मोस्ली यांना तर २३ मे १९४० लाच पकडून आत टाकलं होतं, चौकशी नाही, खटला नाही. फॅसिस्टांबद्दल मला तिळमात्र प्रेम नाही, पण दार सगळ्यांना उघडं होतं असं मग म्हणू नये. पीबल्सचे खासदार आर्चिबाल्ड रॅम्झी असेच कैदेत होते, १९४४ पर्यंत. त्यांची खासदारकी गेली नाही, म्हणून तिथे पोटनिवडणूकही नाही. पीबल्सच्या मतदारांचा खासदार चार वर्षं तुरुंगात!

आणि आपल्याकडचं काय? व्हाइसरॉयने आपल्याला न विचारता युद्धात ओढलं. नोव्हेंबर १९३९ मध्ये बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळाने राजीनामा दिला आणि मुंबई प्रांतात गव्हर्नरची राजवट आली ती १९४६ पर्यंत. १९३४ साली निवडलेलं दिल्लीचं मध्यवर्ती कायदेमंडळ १९४५ पर्यंत तसंच ओढलं. त्यांच्याकडे निदान पोटनिवडणूक बिनविरोध होत होती, आपल्याकडे अख्खं प्रांतिक सरकार बिनलोकांचं होतं. हेही त्या वर्गात सांगा, ताई.


कॉर्नवॉलची_सून

मी बॉडमिनपासून जवळच राहते, म्हणून माझी थोडी भर. मार्च १९४१ मध्ये इथेही बिनविरोध पोटनिवडणूक झाली. इथले काँझर्व्हेटिव्ह खासदार जॉन रॅथबोन वायुदलात वैमानिक होते, डिसेंबर १९४० मध्ये मोहिमेवर मारले गेले. त्यांच्या जागी पत्नी बिअट्रिस रॅथबोन आल्या. जन्माने अमेरिकन, म्हणजे ब्रिटिश संसदेत बसलेल्या पहिल्या महिला खासदार नॅन्सी ॲस्टर यांच्यासारख्याच. एरवी ही जागा कुणी सहज सोडली नसती. १९३५ पर्यंत इथे लिबरल पक्षाचे आयझॅक फूट खासदार होते, त्यांनाच हरवून रॅथबोन आले होते. फूट यांचे मतदार कुठे गेले नव्हते. तरी लिबरल पक्षाने शब्द पाळला.

माहेरी फोनवर हे सांगितलं तर आईला लगेच २०२२ ची अंधेरी पूर्व आठवली. आमदार रमेश लटके गेल्यावर ऋतुजा लटके उभ्या राहिल्या, भाजपने अर्ज मागे घेतला. फरक एवढा की अपक्षांचे अर्ज राहिले होते, त्यामुळे मतदान झालं आणि 'नोटा'ला बारा हजारांवर मतं पडली. बॉडमिनच्या लोकांना असा नकार नोंदवायची जागाच नव्हती. मला बिअट्रिसबाईंबद्दल आदर आहे, नवरा गेल्यावर तीन महिन्यांत सभागृहात जाऊन बसणं सोपं नाही. पण कोतवाल म्हणतात त्यातही तथ्य आहे, नाराज मतदाराने करायचं काय?


अनघा_सांगली

तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. एवढं सविस्तर मिळेल असं वाटलं नव्हतं. नायबकाका, आता प्रश्न वाढलेत. नाराज मतदाराने केलं काय? आणि दुसरं, शेवटची सार्वत्रिक निवडणूक १९३५ ची, पुढची एकदम १९४५ ला. मधल्या काळात जी मुलं एकवीस वर्षांची झाली त्यांचं काय? माझ्या वर्गातली मुलं साधारण त्याच वयाची आहेत, म्हणून विचारते.


निवृत्त_नायब

कोतवाल, तुमचं रँडॉल्फ चर्चिल यांच्याबद्दलचं म्हणणं मला शंभर टक्के मान्य. ज्या कराराने बेव्हिन आले त्याच कराराने तेही आले. पक्षाने कुणाला पुढे करावं यावर करारात काहीच अट नव्हती, ही त्याची खरी उणीव. मोस्ली यांच्याबाबतही तुम्ही म्हणता ते खरं आहे, खटल्याशिवाय कैद ही कैदच. पण माझा निकष मी सोडत नाही, कारण नाराज मतदाराने काय केलं याचं उत्तर त्यातच आहे.

पहिली दोन वर्षं लोक फारसे उठले नाहीत. मग १९४२ उजाडलं. फेब्रुवारीत सिंगापूर पडलं, सगळीकडून माघारीच्या बातम्या, आणि सरकारला विरोध करायला समोर मोठा पक्ष नाही. मार्चमध्ये ग्रँथमला डेनिस केंडल अपक्ष उभे राहिले आणि निवडून आले. एप्रिलमध्ये रग्बीला डब्ल्यू. जे. ब्राउन आणि वॉलसीला जॉर्ज रीक्स, दोघेही अपक्ष. २१ जूनला आफ्रिकेतलं टोब्रुक पडलं आणि चारच दिवसांनी माल्डनच्या मतदारांनी टॉम ड्रायबर्ग या पत्रकाराला अपक्ष म्हणून निवडून दिलं. चारही जागा काँझर्व्हेटिव्ह पक्षाच्या होत्या आणि सरकारच्या उमेदवारामागे तिन्ही मोठ्या पक्षांच्या नेत्यांचा शब्द होता. तोही मतदारांनी मानला नाही.

त्याच जुलैमध्ये रिचर्ड ॲक्लंड वगैरे मंडळींनी 'कॉमन वेल्थ' नावाचा नवा पक्षच काढला. करारामुळे लेबर जिथे उभा राहत नव्हता, तिथे डावीकडचं मत मागायला हा पक्ष जायचा. एप्रिल १९४३ मध्ये एडिसबरी, जानेवारी १९४४ मध्ये स्किप्टन, एप्रिल १९४५ मध्ये चेम्सफर्ड, तीन जागा जिंकल्या. फेब्रुवारी १९४४ ची वेस्ट डर्बीशायर तर वाचण्यासारखी आहे. डेव्हनशरच्या ड्यूकचे थोरले चिरंजीव लॉर्ड हार्टिंग्टन सरकारचे उमेदवार, चर्चिल यांचं पाठिंब्याचं पत्र हातात, घराण्याची पिढ्यान्पिढ्यांची जागा. चार्ल्स व्हाइट नावाच्या अपक्षाने त्यांना पाडलं. हार्टिंग्टन पुन्हा आघाडीवर गेले आणि त्याच सप्टेंबरात लढताना मारले गेले, तेव्हा त्यांना कमी लेखण्याचं काही कारण नाही. पण निवडणूक ते हरले, आणि युद्ध चालू असताना, पंतप्रधानांचं पत्र असताना हरले.

कम्युनिस्टांचंही सांगतो. १९४० ला सिल्व्हरटाउनमध्ये लढणारे हेच लोक जून १९४१ मध्ये हिटलर रशियावर चालून गेल्यावर सरकारच्या उमेदवारांचा प्रचार करू लागले. लेबरच्या वार्षिक अधिवेशनातही करार मोडावा म्हणून दरवेळी जोर लागायचा, १९४२ ला तर तो थोडक्यात वाचला. सगळ्या युद्धकाळात निम्म्याच्या आसपास पोटनिवडणुका बिनविरोध झाल्या, उरलेल्यांत मतदान झालं. सरकारने ही मतदानं बंद केली नाहीत, हरल्यावर नियम बदलले नाहीत. आपल्याकडे सरपंचपदाचा लिलाव करून बिनविरोध केलेल्या गावांची बातमी आठवते ना? उमराणे आणि खोंडामळी. राज्य निवडणूक आयोगाने २०२१ ला तिथल्या निवडणुकाच रद्द केल्या. तिथे दार पैशाने बंद केलं होतं. हा फरक त्या मुलीला जरूर सांगा.

आता तुमच्या वर्गातल्या वयाच्या मुलांचं. इथे मात्र अन्याय झाला आणि मी त्याची सफाई देणार नाही. संसदेची मुदत पाच वर्षांची. १९४० पासून दरवर्षी एकेक कायदा करून ती एकेका वर्षाने वाढवत नेली. मतदार यादी तर १९३९ चीच गोठवलेली होती. जो मुलगा नोव्हेंबर १९३५ च्या निवडणुकीत वीस वर्षांचा होता, त्याने सार्वत्रिक निवडणुकीत पहिलं मत दिलं तेव्हा तो तिशीला टेकला होता. आणि ज्याला १९३९ नंतर एकवीस पूर्ण झाली तो रणांगणावर गेला, कारखान्यात बॉम्बच्या धडाक्यात राबला, पण गावात पोटनिवडणूक लागली तर यादीत नावच नाही. बॉम्बने घर गेलेले, कामासाठी दुसऱ्या गावी पाठवलेले, त्यांची नावं जुन्याच पत्त्यावर. यादीचं काम केलेल्या माणसाला हे वाचताना पोटात कालवतं. ओळखपत्रांसाठी केलेल्या राष्ट्रीय नोंदणीवरून नवी मतदार यादी करायची सोय १९४३ च्या कायद्याने झाली. ती आधी का केली नाही, हा प्रश्न मुलांनी विचारावाच.

भारताबद्दल कोतवाल यांनी लिहिलं ते योग्यच. त्यात एवढीच भर घालतो की बेव्हिन यांच्या खात्याने १९४१ पासून भारतातल्या तरुण कामगारांना तांत्रिक प्रशिक्षणासाठी तुकड्यातुकड्यांनी ब्रिटनला नेलं. 'बेव्हिन प्रशिक्षणार्थी' म्हणूनच ते ओळखले जात. कुणाच्या घरात असे आजोबा असतील तर त्यांच्याबद्दल इथे लिहा.

शेवटचं, १९४५. मतदान ५ जुलैला झालं, मोजणी २६ जुलैला. मधले तीन आठवडे मतपेट्या सीलबंद, कारण देशोदेशी पांगलेल्या सैनिकांची मतं यायची होती. तीन आठवडे पेट्यांवर पहारा ठेवणं म्हणजे काय हे माझ्या खात्यातल्या कुणालाही विचारा. त्या मोजणीत वॉन्ड्सवर्थ सेंट्रलमध्ये बेव्हिन यांच्यासमोर विरोधी उमेदवार होता, आणि ते जिंकले. १९१८ आणि १९३१ ला पडलेला हा माणूस मतं मोजून खासदार झाला तो त्या दिवशी, पहिल्यांदाच, आणि लगेच परराष्ट्रमंत्री झाला.